तुळशीवृंदावनाला हातच्या टाइल: तीन दुकानं, तीन भाव, खरं कोणाचं?

उभादांडेकर

नमस्कार मंडळी. वेंगुर्ल्याजवळ उभादांड्याला आमच्या जुन्या जागेत घर बांधतोय. चिऱ्याच्या भिंती, पुढे खळं, खळ्यात वृंदावन. आई पणजीला फोंतेन्हास या जुन्या पोर्तुगीज वळणाच्या वस्तीत फिरून आली, तिथल्या घरांवरच्या निळ्या-पांढऱ्या नावाच्या पाट्या तिने पाहिल्या, आणि तेव्हापासून वृंदावनाच्या चारही अंगांना तसल्याच टाइल हव्यात हे पक्कं झालंय. पुढच्या अंगाला मुरलीधर, बाकी तिन्हीकडे वेलबुट्टी.

तीन ठिकाणी विचारलं. पहिला म्हणाला, व्हॉट्सॲपवर फोटो पाठवा, चार दिवसांत देतो. भाव इतका कमी की मलाच संशय आला. दुसऱ्याचा भाव त्याच्या दुपटीहून थोडा वर, मुदत पंधरा दिवस. तिसरीकडे दुसऱ्याच्या तिप्पट, दोन महिने लागतील, आणि वर "रंग थोडा इकडेतिकडे होणार, नंतर तक्रार नको" अशी तंबी. तिघांच्या तोंडी शब्द मात्र एकच, हॅण्डमेड.

फरक नेमका कशात आहे आणि आपल्यासारख्याला तो डोळ्यांनी कळतो का? आमच्याकडचा पाऊस आणि खारा वारा यातलं काय सोसेल? शिवाय काकांनी एक मुद्दा काढलाय की पोर्तुगिजांची वस्तू तुळशीला कशाला. त्यांना काय सांगू?

रायबंदरचा_रहिवासी

काकांच्या प्रश्नात मी पडत नाही. पण ऑर्डर देण्याआधी आईंना घेऊन पणजीत आझाद मैदानाजवळच्या मेनेझिस ब्रागांझा संस्थेत जाऊन या. प्रवेशदालनाच्या भिंतीवर मोठी टाइलचित्रं आहेत, जोर्ज कोलासो नावाच्या पोर्तुगीज चित्रकाराची, १९३५ सालची. विषय पोर्तुगीज कवी कामोंइशच्या 'उश लुझियादश' महाकाव्यातले, म्हणजे वास्को द गामाच्या सफरीचे. हाच कोलासो पोर्तोच्या साँ बेंतु रेल्वे स्टेशनचा, तिथे त्याच्या सुमारे २०,००० टाइल आहेत. लोक चित्राचा फोटो काढतात आणि निघतात. तुम्ही नाक भिंतीला लागेल इतकं जवळ जा आणि एकेक रेष बघा. नंतर दुकानातली टाइल हातात घ्या.

माझ्या मते मधला घ्या. खळ्यात येणारा-जाणारा काही भिंग घेऊन येत नाही.

भट्टीवाली

मी खानापूरची (बेळगावचं खानापूर). भट्टी आहे, टाइल करते, म्हणून जरा लांबड लावते.

तुमच्या तिघांपैकी खोटं कोणीच बोललेलं नाही. हात कुठे लागला आणि कुठे नाही, एवढं सांगायचं तिघांनी टाळलं.

चार दिवसांवाला सब्लिमेशन करतो. कारखान्याची पांढरी टाइल, तिच्यावर प्लास्टिकच्या जातीचा थर, आणि कागदावर छापलेलं चित्र गरम दाबाखाली त्या थरात उतरवायचं. चहाच्या मगांवर फोटो छापतात ते हेच. भट्टीचा संबंध नाही. घरात फ्रेम करून लावा, छान दिसेल. खळ्यातल्या उन्हात मात्र रंग उडणार, त्याला इलाज नाही. ओळखायचं सोपं आहे: दुकानदाराला विचारून एका कोपऱ्यात टाचणी ओढा. थर मऊ असतो, चरा उठतो. ग्लेझ म्हणजे काच, तिला टाचणी ढिम्म करत नाही. आणि भिंगाखाली सगळं चित्र बारीक ठिपक्यांचं दिसेल.

दुसरा कारखान्याचीच चकचकीत टाइल घेतो, पण तिच्यावर चित्र हाताने काढतो आणि आठशे अंशांच्या आसपास पुन्हा भाजतो. रंग ग्लेझच्या पाठीवर चिकटून बसतो. रेष चुकली तर ओल्या फडक्याने पुसून परत काढता येते, म्हणून काम पंधरा दिवसांत होतं. यात वावगं काही नाही. चांगला हात असेल तर चित्र देखणं येतं. टाइल उन्हात तिरकी धरली की रंगाची चमक आणि मागच्या पांढऱ्याची चमक वेगवेगळी दिसते, बोट फिरवलं तर रेष किंचित वर आलेली लागते. मागची बाजू पाहा: यंत्राच्या सारख्या रेघा किंवा कंपनीचा ठसा असेल.

तिसरी बाई (तंबी देणारी बाईच असणार) माती लाटण्यापासून सुरुवात करते. तिप्पट भाव तिथून येतो.

आमच्याकडची माती लाल, लोखंड भरपूर. माठ, कुंड्या, कौलं यांना झकास. टाइलला नुसती चालत नाही, फार वाकते. मी तिच्यात भाजलेल्या खापराचा चुरा घालते आणि खडूची भुकटी. खडू कशाला म्हणाल, तर भाजल्यावर थंड होताना ग्लेझ आणि माती दोन्ही आकसतात. ग्लेझ मातीपेक्षा जास्त आकसला की तो ताणला जातो आणि त्याला केसासारख्या भेगा पडतात. मातीत चुन्याचा अंश असला की ती पुरेशी आकसते आणि ग्लेझ दाबाखाली राहतो. स्पेनचं सेव्हिल, पोर्तुगालचं लिस्बन, नेदरलँड्सचं डेल्फ्ट, सगळीकडचे जुने टाइलवाले चुनखडीची माती शोधायचे किंवा मिसळून घ्यायचे. त्यांना रसायनशास्त्र कोणी शिकवलं नव्हतं, भट्टीने शिकवलं.

मग वाळवण. टाइलवाल्याचे निम्मे कष्ट इथे जातात. कडा आधी वाळतात, पोट ओलं राहतं, आणि चारही कोपरे वर उचलतात. म्हणून प्लायच्या दोन फळ्यांमध्ये वर्तमानपत्र घालून दाबून ठेवायच्या, रोज उलटायच्या, सावलीत, पंख्याशिवाय. घाई केली की वाकडी, आणि वाकडी टाइल गवंड्याला दिली की तो तुमच्या सात पिढ्या काढतो. वाळताना-भाजताना मिळून दहा टक्क्यांच्या आसपास आकसते, म्हणजे सहा इंची हवी तर साडेसहाच्या वर कापायची.

पहिली भाजणी हजार अंशांच्या आसपास. टाइल कडक होते पण पाणी पिते. तिच्यावर पांढरा ग्लेझ ओततात. तो पांढरा पूर्वी कथिलाच्या ऑक्साइडचा असायचा. आता कथिल परवडत नाही म्हणून बहुतेक जण झिर्कॉन नावाचं खनिज वापरतात, मोठ्या कामाला मीही. झिर्कॉनचा पांढरा जरा थंड दिसतो, कथिलाचा मऊ. लाल मातीवर कथिलाचा ग्लेझ कडेला पातळ झाला की खालची माती थोडी झिरपून दिसते. ती कड मला आवडते, काही गिऱ्हाइकांना तो दोष वाटतो. त्यांना मी कारखान्याची टाइल सुचवते.

आता रंगवणं. ग्लेझ अजून भाजलेला नाही, हात लावला तर भुकटी बोटाला येते. त्या भुकटीवर चित्र काढायचं. कुंचला टेकला की पाणी क्षणात शोषलं जातं. थांबलात तर डबका, तीच रेष परत गिरवलीत तर ग्लेझ सोलून कुंचल्यावर येतो. पुसायची सोय नाही. म्हणून आकृती आधी कागदावर काढतात, रेषांवर सुईने भोकं पाडतात, कागद टाइलवर ठेवून कोळशाच्या पुडीची पुरचुंडी आपटतात. उदबत्तीने भोकं पाडलेला रांगोळीचा ठिपक्यांचा कागद आपल्या आजीकडे असायचा, तसंच हे. कोळसा भट्टीत जळून जातो. त्या ठिपक्यांवरून हात न थांबवता रेष ओढायची. निळ्यासाठी कोबाल्ट ऑक्साइड, आणि गंमत म्हणजे ते कुंचल्यात काळं असतं. निळं काय होणार आणि किती गडद होणार हे मनातच धरून रंगवायचं. हिरवा तांब्याचा, जांभळट तपकिरी मँगनीजचा.

दुसऱ्या भाजणीत ग्लेझ वितळतो आणि रंग त्याच्या पोटात शिरतो. म्हणून अशा टाइलची रेष कडेला जरा विरघळलेली दिसते, फटकाऱ्याच्या शेवटी रंग साचून गडद होतो, आणि चमक सगळीकडे एकच. मेनेझिस ब्रागांझात नाक लावून बघायला सांगितलंय ते याचसाठी, धन्यवाद रायबंदर. फक्त "मधला घ्या" याच्याशी मी सहमत नाही. कारण खाली लिहिते, आधी भात टाकून येते.

मालवणी_गवंडी

अण्णानू, तुळशीक पाणी रोज पडतला, ता इसरू नकात. टाइल खंयची घेतलास तरी मागसून ओल येतली.

बाकी मराठीत लिहितो. माझ्या वडिलांनी लावलेल्या टाइल बाहेरच्या पावसाने कधी पडल्या नाहीत. पडल्या त्या आतल्या ओलीने.

भट्टीवाली

मी नेमकं हेच लिहायला बसले होते! गवंडीदादांनी एका ओळीत सांगितलं.

भिंतीवरच्या टाइलला पाऊस समोरून येतो, समोर काच आहे, पाणी ओघळून जातं. वृंदावनात माती आत भरलेली असते आणि आई तिला रोज तांब्याभर पाणी घालतात. ते पाणी चिऱ्यात मुरतं. चिरा पाणी धरून ठेवतो. तिथून ते टाइलच्या मागच्या, ग्लेझ नसलेल्या अंगात शिरतं, आणि येताना चुन्या-सिमेंटमधले, मातीतले, समुद्राच्या वाऱ्याने आणलेले क्षार बरोबर आणतं. बाहेर पडायला वाट नाही, कारण तोंडावर काच. मग उन्हाळ्यात पाणी सांध्यांतून उडतं आणि क्षार ग्लेझच्या मागे स्फटिक होऊन बसतात. स्फटिक वाढले की ग्लेझला आतून ढकलतात. एक दिवस नखाएवढी खपली पडते, खाली लाल माती दिसते. लोक म्हणतात टाइल कच्ची होती.

गोव्यातल्या जुन्या वास्तूंत असं झालेलं दिसतं, आणि लिस्बनच्या चर्चमध्येही हा रोग जुनाच आहे.

म्हणून टाइलपेक्षा वृंदावनाची बांधणी आधी ठरवा. तुळस वेगळ्या कुंडीत लावा, कुंडी वृंदावनाच्या पोकळीत ठेवा, चारी बाजूंनी दोन बोटं हवा राहू द्या, तळाशी पाणी बाहेर जायला नळी. आतून वॉटरप्रूफिंग करून घ्या. जोत्याजवळ जमिनीची ओल वर चढते, तिथली पहिली एक वीत टाइल लावूच नका, तिथे चिराच राहू दे, दिसतोही छान. एवढं केलंत तर मधला काय, तिसरा काय, दोन्ही टिकतील.

तरीही मी तिसरा का म्हणते? वृंदावन म्हणजे रोजचं हळद-कुंकू, निरांजनाचं तेल, काजळी, आणि दिवाळीआधी घासणं. दुसऱ्या प्रकारातला रंग ग्लेझच्या वर असतो, पावसाने तो जात नाही, पण घासण्याने आणि आंबटाने हळूहळू मंद होतो. आई पितळेच्या समईबरोबर चिंचेचा हात टाइलवर फिरवणार की नाही ते तुम्हालाच ठाऊक. आणखी एक: गवंडी काम संपल्यावर सिमेंटचे डाग काढायला ॲसिड मारतात. दादा मारत नसतील, पण बाकीचे मारतात. ते आधीच बंद करा. पैसे कमी असतील तर मुरलीधराचं अंग तिसऱ्या बाईकडून करून घ्या आणि बाकी तीन बाजूंना साध्या एकरंगी टाइल लावा. चार बाजूंना मध्यम काम करण्यापेक्षा मला ते बरं वाटतं.

उभादांडेकर

ताई, एवढं कोणी फुकट सांगत नाही. कुंडीचं आईला पटलं, चिंचेचं ऐकून ती गप्प बसली, म्हणजे फिरवणार होती. पण काका अजून अडून आहेत.

डेल्फ्टहून_सुहास

काकांसाठी मी लिहितो. मी नोकरीनिमित्त नेदरलँड्समध्ये डेल्फ्टला राहतो, इथले लोक निळ्या टाइलला आपलीच मानतात, आणि तो निळा-पांढरा मुळात चिनी पोर्सेलिनची नक्कल आहे. चिनी भांडी जहाजांनी यायला लागली, इथल्या कुंभारांना ती माती जमेना, म्हणून त्यांनी कथिलाच्या पांढऱ्या ग्लेझवर कोबाल्ट चढवून तसं दिसणारं काहीतरी केलं. पुढे १७००च्या सुमाराला लिस्बनच्या श्रीमंतांना डच निळ्याचं वेड लागलं आणि त्यांनी मोठी चित्रं थेट ॲमस्टरडॅमहून, यान फान ओर्त आणि विलेम फान दर क्लूत यांच्याकडून मागवली. मग पोर्तुगीज चित्रकारांनी तो निळा उचलला. त्याआधी त्यांच्या टाइल बहुरंगी असत, आणि त्याही सुरुवातीला सेव्हिलहून येत. पोर्तुगालचा राजा मानुएल पहिला याने लिस्बनजवळच्या सिंत्राच्या राजवाड्यासाठी मागवलेल्या टाइल अजून भिंतीवर आहेत.

लिस्बनला गेलो होतो तेव्हा मादरे द देउशच्या मठातलं टाइल संग्रहालय पाहिलं. हा मठ राणी लेओनोरने १५०९ मध्ये स्थापला. १७५५च्या भूकंपाआधीच्या लिस्बनचं सुमारे २३ मीटर लांबीचं टाइलचित्र तिथे आहे, लोक त्याच्यासमोर गर्दी करतात. मी अडकलो तो वेगळ्याच ठिकाणी. सतराव्या शतकातली, चर्चच्या वेदीची पुढची बाजू झाकणारी टाइलकामं. त्यांत मोर, हरणं, फुलांनी लदलेली झाडं, आणि कडेला झालरसुद्धा टाइलवर रंगवलेली. कारण त्या टाइल कापडाची नक्कल आहेत. वेदीवर हिंदुस्थानातून नेलेलं छापील सुती कापड घालत, ते जुनं होऊन विरत असे, म्हणून तीच नक्षी टाइलवर उतरवून घेतली. येशूच्या वेदीवर आपला मोर बसला तेव्हा त्यांच्या काकांनी काय म्हटलं असेल?

भट्टीवाली

वा सुहास! ही गोष्ट मी भट्टीवर येणाऱ्या प्रत्येकाला सांगणार.

काकांना बीदरलाही न्या. आमच्याकडून एका दिवसात जाऊन येण्यासारखं नाही, पण जाच. बहमनींचा वजीर महमूद गवान याच्या मदरशाच्या दर्शनी भिंतीवर आणि उरलेल्या मिनारावर १४७२च्या सुमाराच्या टाइल आहेत. म्हणजे वास्को द गामा कालिकतला उतरला त्याच्या पाव शतक आधी दख्खनमध्ये निळं, पिवळं, पांढरं टाइलकाम भिंतीवर चढलं होतं. ते काम इराणी धाटणीचं: एकेका रंगाच्या भाजलेल्या टाइल छिन्नीने कापायच्या आणि तुकडे जुळवून नक्षी करायची. स्पेनमध्ये मुसलमानी राजवटीत असंच कापकाम होत असे. ग्रानादाच्या अलहांब्रात ते आहे. सेव्हिलच्या कुंभारांना ते फार कष्टाचं वाटलं, मग त्यांनी युक्त्या काढल्या: तेल आणि मँगनीजची रेष ओढून दोन रंग वेगळे ठेवायचे, किंवा साच्याने उंच कडा उठवून रंगांना बांध घालायचा. १५००च्या आसपास पिसाचा फ्रान्सिस्को निकुलोसो सेव्हिलला आला आणि पांढऱ्या ग्लेझवर सरळ कुंचल्याने चित्र काढायची इटालियन रीत त्याने तिथे आणली. तीच आज तुमची तिसरी बाई करते. एकाच झाडाची एक फांदी सेव्हिलवरून लिस्बन-पणजीला गेली, दुसरी इराणवरून बीदरला आली. काकांना यातली कुठली परकी वाटते ते विचारा. बहमनींचीही नको म्हणाले तर विषय सोडून द्या, माणूस चर्चेच्या मूडमध्ये नाही.

रायबंदरचा_रहिवासी

मी माझं "मधला घ्या" मागे घेतो, पण अर्धंच. घरावरच्या नावाच्या पाटीला मधलाच पुरे, तिला कोणी चिंच लावत नाही.

बाकी, आपल्याकडे देवाच्या छापील टाइल सोसायटीच्या जिन्यात पानाच्या पिचकाऱ्यांवरचा उपाय म्हणून लावतात. त्यामानाने मुरलीधराला वृंदावन मिळतंय, काकांनी खूश व्हावं.

मालवणी_गवंडी

लावण्याबद्दल दोन गोष्टी. हातची टाइल जाडीला सारखी नसते, त्यामुळे तयार चिकटवण्याचा पातळ थर पुरत नाही, मसाला जाड लागतो. लावण्याआधी टाइल पाण्यात बुडवून ठेवा, नाहीतर ती मसाल्यातलं पाणी ओढून घेते आणि पकड राहत नाही. आणि सांधा ठेवा. नवीन पोरं टाइलला टाइल भिडवून लावतात, एकही जागची हलत नाही आणि मग मधली फुगून बाहेर येते.

भट्टीवाली

सगळं बरोबर. मसाल्यात सिमेंट कमी, चुना जास्त ठेवता आला तर बघा. पोर्तुगालमधल्या जुन्या टाइल चुना-वाळूत बसवलेल्या आहेत, म्हणून तीनशे वर्षांनीही सुट्या काढून धुऊन परत लावता येतात. सिमेंटात बसवलेली टाइल काढताना फुटते. (सुट्या निघतात म्हणून तिकडे चोऱ्याही होतात, तो भाग वेगळा.)

उभादांडेकर

ठरलं. मुरलीधराचं अंग तिसऱ्या बाईंकडे, बाकी साध्या निळ्या टाइल. काका म्हणाले, "मोर काढा मग, आपलाच आहे." गणपतीला घरी पूजा आहे, तोवर होईल का? आणि त्यांना माप काय देऊ?

भट्टीवाली

गणपतीला विसरा. जून ते सप्टेंबर आमच्याकडे काय आणि तुमच्याकडे काय, टाइल वाळत नाही, फळ्यांत बुरशी येते. जी बाई पावसाळ्यात दोन महिन्यांत देते म्हणेल तिला दोनदा विचारा. तुळशीच्या लग्नाची तारीख धरा.

माप प्लास्टर पूर्ण झाल्यावरच घ्या, आराखड्यावरून देऊ नका, आणि चारही बाजूंचं वेगवेगळं घ्या, कारण गवंडीदादा माफ करोत, वृंदावन चौरस कधीच येत नाही. मुरलीधराच्या चार-सहा टाइल जास्तीच्या करायला सांगा, त्याच भट्टीत. नंतर एक फुटली आणि वेगळ्या भाजणीत केली तर निळा जुळत नाही. रेखाटन मंजूर करताना त्यावर पट्टीने टाइलच्या रेघा मारून बघा. चेहरा एका टाइलमध्ये पूर्ण बसला पाहिजे. सांधा नाकावरून गेला तर कितीही चांगली रेष असू दे, आईंना रोज सकाळी तो सांधाच दिसेल. बासरी दोन टाइलमध्ये गेली तर हरकत नाही.